वाचून दाखवलेलं नाटक: आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स, एक प्रकरण अभ्यास

माझी कथा चोरली, अशी तक्रार घेऊन पटकथालेखक वकिलाकडे गेला की पहिल्या भेटीतच एका निकालाचं नाव निघतं. आर. जी. आनंद विरुद्ध डिलक्स फिल्म्स, सर्वोच्च न्यायालय, १८ ऑगस्ट १९७८. कथा, पटकथा आणि मालिकांच्या संकल्पनांवरून आपल्याकडे झालेले बहुतेक दावे या निकालाच्या कसोट्यांवर तपासले जातात. तरीही तो मुळातून वाचलेले लेखक थोडे. ‘कल्पनेवर कॉपीराइट नसतो’ हे एक वाक्य तेवढं सगळ्यांना पाठ असतं, आणि त्या एका वाक्यामुळे काही लेखक विनाकारण हताश होतात तर काही विनाकारण निर्धास्त राहतात. म्हणून हे प्रकरण इथे सुरुवातीपासून मांडलं आहे: काय घडलं, लेखक कुठे कमी पडला, आणि तीच परिस्थिती आज आली तर हातात कोणते कागद असायला हवेत.

घटनाक्रम

वादी आनंद हे व्यवसायाने आर्किटेक्ट. दिल्लीत नाटकं लिहायचे आणि बसवायचेही. ‘हम हिंदुस्तानी’ हे हिंदी नाटक त्यांनी १९५३ मध्ये लिहिलं. पहिला प्रयोग ६ फेब्रुवारी १९५४ ला नवी दिल्लीच्या वेव्हेल थिएटरमध्ये झाला. वर्तमानपत्रांतून चांगलं लिहून आलं, पुन्हा प्रयोग लागले, पुढे कलकत्त्यातही झाले. नाटकाचा विषय प्रांतीयवाद. एक पंजाबी आणि एक मद्रासी अशी दोन शेजारी कुटुंबं, त्यांच्या मुलामुलीचं प्रेम, आणि ‘आपल्यातली’ नाही किंवा ‘आपल्यातला’ नाही म्हणून आईबापांचा विरोध.

१९ नोव्हेंबर १९५४ च्या पत्राने दिग्दर्शक मोहन सेहगल यांनी संपर्क साधला. नाटकाचा सारांश त्यांना तिसऱ्याच व्यक्तीकडून मिळाला होता आणि त्यावर चित्रपट करण्यात त्यांना रस होता. त्यांनी संहितेची प्रत मागितली. आनंद यांनी प्रत पाठवली नाही. नाटक राष्ट्रीय नाट्यमहोत्सवासाठी निवडलं गेलं होतं, डिसेंबरमध्ये प्रयोग होता, तेव्हा दिल्लीला येऊन प्रयोगच पाहावा, असं त्यांनी कळवलं. जानेवारी १९५५ मध्ये सेहगल आणि त्यांचे एक सहप्रतिवादी दिल्लीत आनंद यांच्या कार्यालयात आले. आनंद यांनी अख्खं नाटक वाचून दाखवलं, समजावून सांगितलं, चित्रपट कसा होईल यावर बोलणं झालं. पाहुण्यांनी शब्द दिला नाही. मुंबईला गेल्यावर कळवतो, एवढंच सांगितलं.

कळवलं काहीच नाही. मे १९५५ मध्ये ‘न्यू दिल्ली’ या चित्रपटाची घोषणा झाली. त्यात काम करणाऱ्या एका कलावंताकडून आनंद यांच्या कानावर आलं की हा चित्रपट तुमच्याच नाटकावर आहे. त्यांनी ३० मे ला पत्र लिहिलं. ९ जूनला उत्तर आलं की कथा, मांडणी, पात्रं सगळं वेगळं आहे, तुमच्या नाटकाशी काडीचाही संबंध नाही. सप्टेंबर १९५६ मध्ये चित्रपट दिल्लीत लागला. आनंद यांनी तो पाहिला आणि नुकसानभरपाई, नफ्याचा हिशोब आणि कायमची मनाई मागणारा दावा लावला.

नाटकाचा कॉपीराइट आनंद यांचाच आहे, हे पहिल्याच कोर्टाने मान्य केलं. चित्रपटाने त्याचा भंग केला आहे, हे मात्र मान्य केलं नाही. १९६७ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने तोच निष्कर्ष कायम ठेवला. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयात अपील फेटाळलं गेलं. दावा १९५७ चा कॉपीराइट कायदा येण्याआधीच्या घटनांचा असल्यामुळे लागू झाला तो जुना १९११ चा इंग्रजी कायदा. चित्रपट लागल्यापासून अंतिम निकालापर्यंत २२ वर्षं गेली.

दोन्ही संहिता शेजारी ठेवल्या, तेव्हा

‘त्यांनी माझं नाटक ऐकलं होतं’ हा मुद्दा या प्रकरणात अडचणीचा नव्हताच. पत्रव्यवहार होता, कार्यालयात झालेलं वाचन होतं. सहसा लेखकाची पहिली धाप इथेच लागते: समोरच्यापर्यंत आपली संहिता पोचली होती हे सिद्ध करताना. आनंद यांच्याकडे ते होतं आणि तरीही ते हरले. या प्रकरणातलं सगळ्यात शिकण्यासारखं तेच आहे.

चित्रपटात जालंधरहून दिल्लीला आलेला पंजाबी तरुण आहे. घरमालक आपापल्या प्रांताच्याच माणसाला खोली देतात, म्हणून तो दाक्षिणात्य असल्याचं सोंग घेतो आणि एका मद्रासी कुटुंबात भाडेकरू म्हणून राहतो. एका मद्रासी मुलीच्या तो प्रेमात पडतो. दुसरीकडे त्याच्या बहिणीचं एका बंगाली तरुणावर प्रेम आहे. तिचं ठरलेलं लग्न हुंड्यावरून मोडतं. म्हणजे प्रांतीयवाद दोन ठिकाणी दिसतो, भाड्याच्या खोलीत आणि लग्नात. शिवाय हुंड्याचा प्रश्न वेगळा. नाटकात प्रांतीयवाद होता तो फक्त लग्नापुरता. सोंग नव्हतं, खोलीचा प्रश्न नव्हता, हुंडा नव्हता.

दोन्हींत काय सारखं होतं? पंजाबी–मद्रासी जोडी, आईबापांचा विरोध, प्रांतीयवादावर टीका, शेवटी समेट. वादीने साम्यांची यादी दिली होती. पण त्यातलं बरंचसं ‘हा विषय घेतला की येणारच’ या जातीचं होतं. प्रांतीयवादावरची प्रेमकथा लिहायची तर दोन प्रांतांची माणसं लागणार, ती एकमेकांच्या जवळ राहणार आणि घरचे विरोध करणार. न्यायालयाने हे साम्य विषयातून आलेलं मानलं आणि फरक ठळक व भरीव मानले.

न्यायमूर्ती पाठक यांनी स्वतंत्र मत लिहिलं, आणि लेखकांनी ते आवर्जून वाचावं. दुसऱ्याच्या श्रमावर डल्ला मारणारा माणूस आपली कलाकृती मुद्दाम जास्त पसरट करू शकतो आणि सामाईक भागात बदल घालून उचलेगिरी झाकू शकतो, असा त्याचा आशय आहे. वस्तुस्थिती नव्याने तपासायची मोकळीक असती तर आपलं मत कदाचित वेगळं झालं असतं, असंही त्यांनी सूचित केलं. पण खालच्या दोन्ही न्यायालयांचा वस्तुस्थितीवरचा निष्कर्ष एकच होता आणि सर्वोच्च न्यायालय सहसा अशा निष्कर्षात हात घालत नाही. याचा व्यवहारातला अर्थ फार मोठा आहे. साम्याचा प्रश्न पहिल्या कोर्टातच जिंकावा लागतो. तिथे साम्यांचा तक्ता ढिसाळ दिला तर पुढच्या पायऱ्यांवर तो सुधारायची संधी जवळपास नसते.

निकालातल्या कसोट्या, लेखकाच्या भाषेत

निकालाने सात सूत्रं सांगितली. कल्पना, विषय, आशयसूत्र, कथानकाचा ढोबळ सांगाडा, ऐतिहासिक किंवा पौराणिक घटना यांवर कोणाचा हक्क नाही; हक्क आहे तो मांडणीवर, रचनेवर, अभिव्यक्तीवर. एकच कल्पना दोघांनी घेतली तर काही साम्य येणारच. पाहायचं ते हे की साम्य अभिव्यक्तीच्या मूलभूत आणि भरीव भागात आहे का. किरकोळ बदल करून केलेली नक्कल ही नक्कलच. सगळ्यात भरवशाची कसोटी सामान्य प्रेक्षकाची: दोन्ही कलाकृती वाचून-पाहून झाल्यावर दुसरी ही पहिलीची नक्कल आहे असा निःसंदिग्ध ठसा त्याच्या मनावर उमटतो का? विषय तोच पण हाताळणी इतकी वेगळी की नवीच कलाकृती झाली, तर भंग नाही. साम्यासोबत मोठे, ठळक फरक असतील आणि जुळणाऱ्या गोष्टी योगायोगाच्या वाटत असतील, तरीही भंग नाही. आरोप चाचेगिरीचा असल्यामुळे पुरावा स्पष्ट आणि पटणारा हवा.

सातवं सूत्र थेट नाटककारांसाठी आहे. रंगमंचावरच्या नाटकाचा चित्रपट झाला असा आरोप असेल तर वादीचं काम जास्त कठीण होतं, कारण चित्रपटाचा पट मोठा असतो. तो नवे प्रसंग, नवी ठिकाणं घालून कथेचा रंग पालटू शकतो. तरीसुद्धा एकंदर ठसा नक्कलेचाच उमटला तर भंग सिद्ध होतो. मराठीत नाटकावरून चित्रपट करण्याची परंपरा मोठी आहे, म्हणून आपल्या नाटककारांनी हे सूत्र अधोरेखित करून ठेवावं.

पहिल्या सूत्रातल्या ‘कथानक’ या शब्दाने पुष्कळ गोंधळ घातला आहे. कथानकावर हक्कच नाही, असं निर्मात्यांचे वकील म्हणत आले. मुंबई उच्च न्यायालयाने २०२० मध्ये शामोईल अहमद खान विरुद्ध फाल्गुनी शाह या प्रकरणात याची चांगली उकल केली. ‘सिंगारदान’ ही उर्दू लघुकथा आणि त्याच नावाची वेब मालिका, असा तो वाद. दंगलीत एका वेश्येचा सिंगारदान लुटून घरी आणला जातो आणि घरातल्या बायकांचं वागणं बदलत जातं, हा कथेचा गाभा. न्यायालयाच्या प्राथमिक मतानुसार ही नुसती कल्पना राहत नाही. पात्रं, परिस्थिती, घटनांचा क्रम आणि त्यांतून उलगडणारा आशय एकत्र आला की त्या बांधलेल्या कथानकाला संरक्षण मिळतं. ती लघुकथा होती, पानं थोडी होती. संरक्षण लांबीवर अवलंबून नसतं. गोष्ट किती नेमकी बांधली आहे त्यावर असतं.

नेमकं म्हणजे किती नेमकं

समजा, एक लेखक लिहितो: सोलापूरच्या एका चाळीत पाण्यावरून दोन कुटुंबांचं भांडण आहे आणि त्यांच्या मुलामुलीचं प्रेम जमतं. हे कथाबीज आहे. ते उद्या दहा जण वापरतील आणि कोणालाच अडवता येणार नाही.

आता पुढे: एका घरातली आई दुसऱ्या घराने जास्त भरलेल्या घागरींचा हिशोब दिनदर्शिकेच्या मागच्या बाजूला उभ्या रेघांनी ठेवते. तिची मुलगी रोज रात्री त्यातली एक रेघ खोडते. महिनाअखेर हिशोब मांडताना आईला शेजारीच प्रामाणिक ठरलेले दिसतात. ती खजील होऊन माफी मागायला जाते, आणि तिथे शेजारी सरळ मनाने सांगतो की आम्ही जास्त पाणी घेतलं होतं. दोन्ही घरांना एकाच क्षणी कळतं की रेघा कोणीतरी खोडल्या. प्रेम उघडं पडतं ते इथे.

हे कथानक झालं. दिनदर्शिका काढली तर माफी नाही, माफी काढली तर कबुली नाही, कबुली काढली तर प्रेम उघडं पडायला दुसरी जागा शोधावी लागेल. प्रसंग एकमेकांत असे अडकलेले असले की नक्कल करणाऱ्याला एक धागा उचलता येत नाही. उचलला तर गाठींसकट उचलावा लागतो आणि गाठी ओळखू येतात. आपल्या संहितेची ही परीक्षा प्रत्येकाने घ्यावी: मधला एक प्रसंग काढून पाहा. पुढचं काहीच कोसळत नसेल तर कोर्टात दाखवण्याजोगं तुमच्या हातात फार थोडं आहे. आणि खरं तर पटकथा म्हणूनही ती अजून कच्ची आहे. आनंद यांचं नाटक कच्चं होतं असा याचा अर्थ नाही. चित्रपटाने त्यांच्या गाठी उचलल्याचं कोर्टाला पटलं नाही, एवढाच अर्थ आहे.

वाचनाच्या बैठकीत काय राहून गेलं

आनंद यांनी संहितेची प्रत हातची सोडली नाही, ही सावधगिरी होती. पण पुढे संपूर्ण नाटक तोंडी ऐकवलं आणि त्या आधी किंवा नंतर एक ओळही लिहून घेतली नाही. नाटक आवडलं तर काय, कोणत्या मोबदल्यात, नाही आवडलं तर काय, हे कुठेच नव्हतं. सारांश तर आधीच त्यांच्या नकळत फिरत होता.

कल्पनेला कॉपीराइट नसला तरी तिला करार आणि गोपनीयतेचं संरक्षण मिळू शकतं. मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये झी टेलिफिल्म्स विरुद्ध सनडायल कम्युनिकेशन्स या मालिकेच्या संकल्पनेवरच्या वादात हे स्पष्ट केलं. तिथे चार गोष्टी दाखवाव्या लागतात: माहिती नेमकी कोणती ते सांगता आलं पाहिजे, ती विश्वासाने सोपवलेली असली पाहिजे, ती गोपनीय मानावी अशी असली पाहिजे, आणि परवानगीविना ती वापरली गेली किंवा वापरली जाण्याची भीती असली पाहिजे. आनंद यांच्यासाठी हा रस्ताही अरुंदच होता. नाटकाचे प्रयोग फेब्रुवारी १९५४ पासून जाहीरपणे होत होते. तिकीट काढून कोणीही पाहू शकत होतं, मग गोपनीय काय उरलं? रंगमंचावर आलेल्या गोष्टीला गोपनीयता वाचवत नाही, तिथे आधार फक्त कॉपीराइटचा आणि कराराचा. अजून कुठेही न आलेल्या पटकथेला मात्र तिन्ही आधार असतात. त्यातले दोन आपण नरेशनच्या, म्हणजे निर्मात्याला गोष्ट तोंडी ऐकवण्याच्या उत्साहात फुकट घालवतो.

आज हीच वेळ आली तर

नरेशनच्या आधी गोष्ट निदान सारांशाच्या पुढे गेलेली असावी. तीन-चार पानांचा सारांश, त्यानंतर पंधरा-वीस पानांची ट्रीटमेंट (संवादांशिवाय सविस्तर मांडलेली कथा) किंवा पूर्ण सीन ऑर्डर (प्रसंगांची क्रमवार यादी). कारण नोंद जी कराल ती तेवढ्याच गोष्टीची होते. एका ओळीच्या संकल्पनेची नोंद करून लेखक निर्धास्त होतो, आणि वाद झाल्यावर कळतं की नोंदलेल्या कागदात गाठी नव्हत्याच.

मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनचे सभासद आपली कथा, पटकथा, संवाद, गीतं ऑनलाइन नोंदवू शकतात. ही नोंद एवढंच सांगते की अमुक तारखेला अमुक मजकूर अमुक माणसाकडे होता. ती मालकीचा दाखला नव्हे, आणि नोंदवताना कोणी मजकूर तपासून तो स्वतंत्र असल्याचं प्रमाणपत्र देत नाही. प्रत्येक मोठ्या बदलानंतरचा खर्डा पुन्हा नोंदवा. वादात बहुतेकदा तिसऱ्या खर्ड्यातला प्रसंग कळीचा ठरतो आणि नोंद पहिल्याचीच असते. कॉपीराइट कार्यालयात नोंद करायची तर फॉर्म १४, साहित्यकृतीसाठी शुल्क ५०० रुपये, आणि हरकतींसाठी ३० दिवसांची मुदत. कॉपीराइट मिळायला नोंद सक्तीची नाही, तो लिहिता क्षणीच मिळतो. पण कार्यालयाच्या नोंदवहीतली नोंद कोर्टात प्रथमदर्शनी पुरावा ठरते.

मराठी नाटककाराकडे आणखी एक कागद असतो आणि त्याची आठवण कोणाला राहत नाही. महाराष्ट्रात व्यावसायिक प्रयोगाआधी संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे जाते. मंडळाचं प्रमाणपत्र आणि त्यासोबतची संहिता म्हणजे सरकारी दप्तरातली तारीख असलेली प्रत. प्रमाणपत्र निर्मात्याकडेच राहू देऊ नका. आपली प्रत जपून ठेवा.

बैठकीला बोलावणं आलं की पाठवलेलं पान आणि तोंडी सांगितलेली गोष्ट यांचा मेळ घालावा. लेखक दोन पानांचा सारांश ईमेल करतो आणि बैठकीत मध्यंतरापासून शेवटापर्यंत सगळं, संवादांसकट ऐकवतो. लेखी पुरावा दोन पानांचा, गेली पूर्ण पटकथा. उपाय साधा आहे. त्याच दिवशी संध्याकाळी उपस्थित सगळ्यांना एक ईमेल: आज अमुक ठिकाणी, अमुक लोकांच्या उपस्थितीत ‘अमुक’ या पटकथेचं पूर्ण नरेशन झालं, सोबत नरेशन केलेली संहिता जोडली आहे, ही तुमच्या विचारार्थ असून लेखी कराराशिवाय वापरू नये. भाषा विनम्र ठेवा, धमकीचा सूर नको. बैठकीआधी गोपनीयतेच्या पत्रावर सही मिळाली तर उत्तम. पण नवोदिताला ती सहसा मिळत नाही, आणि काही निर्मितीसंस्था उलट आपल्याच हक्कसोडपत्रावर सही मागतात: आमच्याकडे अशाच कल्पनेवर काम चालू असू शकतं आणि तुमचा दावा राहणार नाही, असा त्याचा मजकूर असतो. ते न वाचता सही करू नये. कल्पनेपुरती सूट मागत असतील तर सही करणं ठीक. पटकथेच्या अभिव्यक्तीवरचा हक्कही त्यात सोडलेला असेल तर तो शब्द काढून घ्यावा.

गोष्ट आवडली पण पैसे अजून उभे नाहीत, अशी स्थिती बहुतेक वेळा असते. इथे लेखक तोंडी हो म्हणतात आणि दोन वर्षं अडकतात. त्याऐवजी बारा किंवा अठरा महिन्यांपुरते हक्क राखून ठेवण्याचा छोटा करार करावा, रक्कम लहान असली तरी चालेल. मुदतीत चित्रपट उभा राहिला नाही तर हक्क लेखकाकडे परत. आनंद यांच्या कार्यालयात असा दोन पानांचा कागद झाला असता तर वाद मांडणीतल्या साम्याचा उरला नसता. करार पाळला की मोडला, एवढंच कोर्टाला पाहावं लागलं असतं.

हक्क देतानाचा करार

नाटकावरून चित्रपट करण्याचा हक्क हा १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या १४ व्या कलमाप्रमाणे नाटककाराचा स्वतंत्र हक्क आहे. प्रयोगाचे हक्क दिले म्हणजे चित्रपटाचे दिले असं होत नाही. हस्तांतर लेखी आणि सहीनिशी असावं लागतं (कलम १९). त्यात कृती कोणती, हक्क कोणते, किती काळासाठी, कुठल्या प्रदेशासाठी आणि मानधन-रॉयल्टी किती, हे लिहिलेलं हवं. काळ लिहिला नसेल तर पाच वर्षं आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत, असं कायदा धरतो. घेतलेला हक्क वर्षभरात वापरला नाही तर तो परत येतो, करारात वेगळं काही लिहिलं नसेल तर. आणि नेमकं हेच वेगळं काही बहुतेक छापील मसुद्यांत लिहिलेलं असतं, तेव्हा कलम १९(४) लागू नाही असं वाक्य दिसलं की तिथे थांबा.

२०१२ च्या दुरुस्तीने दोन गोष्टी आल्या. करार होताना अस्तित्वात नसलेल्या किंवा व्यापारी वापरात नसलेल्या माध्यमासाठी ते हस्तांतर लागू होत नाही, त्या माध्यमाचा स्पष्ट उल्लेख नसेल तर. आणि चित्रपटात वापरलेल्या साहित्यकृतीच्या लेखकाला, चित्रगृहातलं प्रदर्शन सोडून इतर वापरातून येणाऱ्या रॉयल्टीचा हक्क कायम राहतो. तो निर्मात्याच्या नावे लिहून देता येत नाही. ‘सर्व माध्यमांतले, विश्वभरातले, कायमचे सर्व हक्क’ असं वाक्य असलं तरी या रॉयल्टीला धक्का लागत नाही. वसुलीची व्यवस्था ही वेगळी आणि अवघड बाब आहे. हक्क मात्र आहे.

श्रेयनामावलीचा मजकूर करारात शब्दशः लिहून घ्यावा. मराठीत कथा, पटकथा, संवाद ही तीन श्रेयं वेगळी दिली जातात. मूळ नाटककाराचं श्रेय ‘अमुक नाटकावर आधारित’ असं हवं की ‘कथा’ असं, ते आधीच ठरवावं. ‘प्रेरित’ हा शब्द सहसा मान्य करू नये, कारण तो हक्कापेक्षा सौजन्य सुचवतो. नाव लागण्याचा आणि विपर्यास रोखण्याचा हक्क कलम ५७ प्रमाणे हस्तांतरानंतरही लेखकाकडे राहतो. पण करारात शब्द ठरलेले असले की भांडण कोर्टापर्यंत जातच नाही. मानधनाचे हप्ते चित्रीकरणाला बांधू नयेत. सही, पहिला खर्डा, दुसरा खर्डा, अंतिम संहिता असे कामाला बांधावे. चित्रीकरण लेखकाच्या हातात नसतं, खर्डा असतो.

संशय आला, तर

ट्रेलर पाहून दावा करू नये. ट्रेलरमध्ये विषय दिसतो, बांधणी दिसत नाही. पण गप्पही बसू नये. प्रदर्शनाच्या आदल्या आठवड्यात मनाई मागणाऱ्यांकडे मुंबई उच्च न्यायालय नाराजीनेच पाहतं. चित्रपटाची घोषणा कधी झाली आणि तुम्हाला कधी कळलं, हा पहिला प्रश्न येतो. आनंद यांनी घोषणा होताच पत्र लिहिलं होतं, ते योग्यच होतं. आज त्या पत्राबरोबर संहिता दाखवण्याची लेखी मागणीही करावी. दोन्ही बाजू सभासद असतील तर स्क्रीनरायटर्स असोसिएशनच्या तंटा निवारण समितीकडे जाता येतं. तिचा आदेश कोर्टाचा हुकूम नसतो, पण दोन्ही संहिता जाणकारांच्या नजरेखालून जातात. समाजमाध्यमांवर आरोप मात्र करू नका. अब्रुनुकसानीचा दावा अंगावर आला की मूळ तक्रार मागे पडते.

तुलनेचा तक्ता स्वतः करा, वकिलावर सोडू नका. डाव्या बाजूला आपल्या संहितेचं पान आणि सीन क्रमांक, मध्ये समोरच्या चित्रपटातला मिनिट, उजव्या बाजूला काय जुळतं. जुळणाऱ्या गोष्टी तीन ढिगांत वाटा. विषयातून येणारच अशा, म्हणजे विरोध करणारे बाप आणि समेटाचा शेवट. त्या यादीतून काढून टाका, कारण कच्च्या साम्यांनी भरलेली लांब यादी चांगल्या साम्यांनाही कमजोर करते. दुसरा ढीग घटनांच्या क्रमाचा आणि कारणाचा. तिसरा अनावश्यक तपशिलांचा: कथेला गरज नसताना दोन्हीकडे आलेली वस्तू, पात्राची तीच खोड, संवादातली तीच चूक. हा तिसरा ढीग लहान असतो आणि सगळ्यात वजनदार, कारण विषयाच्या गरजेने त्याचं स्पष्टीकरण देता येत नाही. शेवटी एक पान फरकांचं, तेही आपणच लिहावं. समोरचा वकील ते मांडणारच आहे. न्यायमूर्ती पाठक यांनी ज्याकडे बोट दाखवलं ते, म्हणजे पट वाढवण्यासाठी वरून चिकटवलेले फरक कोणते आणि मूळ कथा खरोखर बदलणारे कोणते, हे त्या पानावर आपल्याला आधी वेगळं करून दाखवता येतं. ‘न्यू दिल्ली’पुरतं बोलायचं तर खोलीसाठीचं सोंग, बहिणीचं बंगाली प्रेम आणि हुंडा, हे तीन मुद्दे त्या पानावर सगळ्यात वर आले असते.